हेल्मेटखालची साय

१

साचा खोलायला वर चढलेला सुतार ओरडला, तेव्हा खालच्यांना वाटलं, बोट चेचलं असेल. या सुताराला ओरडायला फार काही लागत नाही. पण ओरडून झाल्यावर तो शिडीवरून मुकाट उतरला, दगडावर बसला आणि बसूनच राहिला. मग मात्र लोक वर धावले.

धरणाच्या उजव्या कडेचा ब्लॉक आदल्या दिवशी संध्याकाळी भरून झाला होता. दोन पुरुष उंचीचा, आठ-दहा खोल्या मावतील एवढा काँक्रीटचा ठोकळा. असेच ठोकळे शेजारी-शेजारी आणि एकावर एक भरत नदीला आडवी भिंत वर चढत होती. सुताराने या ब्लॉकच्या माथ्यावरचं एक ओलं गोणपाट सहज बाजूला सारलं होतं. खाली एक पिवळं हेल्मेट होतं, काठापर्यंत काँक्रीटमध्ये रुतलेलं. त्यावर डांबराने काढलेला जिराफ होता.

जिराफवालं हेल्मेट अख्ख्या धरणावर एकच होतं, लंबूचं. लंबू व्हायब्रेटरवाला. ओतलेल्या ओल्या काँक्रीटमध्ये थरथरती नळी खुपसून ते दाबून बसवायचं, हे त्याचं काम. उंची एवढी की हजेरीच्या खिडकीत त्याचं तोंड कधी दिसायचंच नाही, फक्त शर्टाची बटणं. तो रात्री घरी आला नव्हता.

तासाभरात सगळ्या टोळ्यांनी फावडी खाली ठेवली. म्हणणं एकच होतं. माणूस आत आहे, त्याच्यावर आम्ही पुढचा थर ओतणार नाही.

मोठ्या साहेबांनी कल्याणबाईंना बोलावलं. बाई कामगार कल्याण अधिकारी होत्या, म्हणून कल्याणबाई. पन्नाशी उलटलेली, गुडघे कुरकुरणारे, तोंडात कायम लवंग. साहेबांच्या आणि कामगारांच्या अशा दोन्ही डगरींवर हात ठेवून त्यांनी आयुष्यभर नोकरी केली होती, आणि अजून तरी पाण्यात पडल्या नव्हत्या.

"बाई, पूर यायच्या आत ती कडा वर गेली नाही तर आपलं वर्ष वाहून गेलं," साहेब म्हणाले. "माणूस आत असेल तर मी ब्लॉक फोडेन, हा शब्द. नसेल तर उद्या संध्याकाळी त्यावर पुढचा थर ओतला जाईल. पोलीस येतील तेव्हा येतील, रस्ता खचलाय. लोक तुमचं ऐकतात. उद्या दुपारपर्यंत मला सांगा, आत आहे की नाही?"

"आणि मला कळलं नाही तर?"

"तर मी ओतणार," साहेब म्हणाले. त्यांच्याही डोळ्यांखाली काळं आलं होतं.

२

लंबूचं घर म्हणजे पत्र्याची एक खोली. चूल, दोरीवर कपडे, आणि छपराला जागोजागी पोचे. ते लंबूच्या डोक्याचे होते. फळीवर एक डबा होता, त्याच्या झाकणाची मूठ तुटलेली आणि त्या जागी एक नटबोल्ट बसवलेला. लंबूची बायको भिंतीशी बसली होती. शेजारी तिचे वडील, म्हणजेच काँक्रीटच्या टोळीचे मुकादम. सगळे त्यांना आबा म्हणत. सासरा आणि जावई एकाच ब्लॉकवर कामाला होते.

"शेवटची बादली ओतली तोवर होता," आबा म्हणाले. त्यांचा आवाज जमिनीकडे जात होता. "मग गर्दी पांगली. मला वाटलं, गेला घरी."

"आणि पहाटे?"

"पहाटे फवारा मीच मारला."

बाईंनी हे काम पुष्कळदा पाहिलेलं होतं. ओतलेल्या काँक्रीटवर पाणी आणि सिमेंटची एक मऊ पांढुरकी साय येते, दुधावर यावी तशी. ती तशीच ठेवून वर पुढचा थर ओतला तर दोन थर एकमेकांना धरत नाहीत. म्हणून काँक्रीट आवळलं, म्हणजे घट्ट होऊ लागलं, की पाण्याचा जोरदार फवारा मारून साय धुऊन काढतात, खालचे दगड टकलासारखे उघडे पडेपर्यंत.

"फवारा मारताना हेल्मेट दिसलं नाही, आबा?"

"अंधुक होतं. माझी नजरही आता..." त्यांनी हात हलवला.

आबांची नजर अशी होती की शंभर पावलांवरून ते खडीतला मातीचा खडा ओळखायचे. बाईंनी लवंग या गालातून त्या गालात नेली आणि मुलीकडे वळल्या.

"पोरी, कुणाशी वैर होतं त्याचं?"

"त्या क्रेनवाल्याशी भांडले होते काल संध्याकाळी, ओतून झाल्यावर. सगळ्यांसमोर. 'तुला गाडून टाकीन' म्हणाला तो." मग तिने एकदम बाईंचा हात धरला. "फोडायला सांगा ना, बाई. कसंही करून फोडायला सांगा. धरणाखाली वीजघरात पक्की नोकरी लागलीय त्यांना. तिथेच क्वार्टर मिळणार आहे. त्या क्वार्टरच्या खिडकीतून वर बघितलं की हाच ब्लॉक दिसतो."

रडणं खरं होतं. पण घराबाहेर पडल्यावर बाईंच्या मनात एक गोष्ट कुसळासारखी रुतून बसली. नवरा गेलेली बाई म्हणते, त्यांना बाहेर काढा. ही म्हणत होती, ब्लॉक फोडा.

३

क्रेनवाल्याला सगळे गरुडराव म्हणत, कारण तो दिवसभर आकाशात राहायचा. काँक्रीटच्या बादल्या त्याच्याच हातून ब्लॉकवर उतरायच्या. चहाला मात्र त्याला खाली यावं लागे.

"भांडलो की," तो बशीत फुंकर मारत म्हणाला. "मनसोक्त भांडलो. 'गाडून टाकीन' म्हणालो. पाच-पन्नास लोकांनी ऐकलंय, तुम्हाला साक्षीदारांची टंचाई पडायची नाही."

"कशावरून भांडलात?"

गरुडराव थबकला. मग म्हणाला, "असंच. त्याची उंची डोळ्यांत खुपायची."

खुनाचा संशय ज्याच्यावर आहे तो माणूस एवढा निवांत चहा पीत नाही. आणि निर्दोष असेल तर एवढी फुशारकी मारत नाही. बाई विचारात पडल्या. तेवढ्यात धाकटे साहेब घाईघाईने आले. उजव्या कडेचं काम त्यांच्या अखत्यारीत होतं. नुकतेच नोकरीला लागलेले, लग्नही नुकतंच झालेलं.

"बाई, उगाच पसरट चौकशी कशाला? पळून गेला असेल तो. फोडण्यासारखं काहीएक नाही त्या ब्लॉकमध्ये."

"मी फोडायचं म्हटलंच नाही अजून," बाई म्हणाल्या. "भरताना काही घडलं का तेवढं सांगा."

"काही नाही. म्हणजे, मध्ये क्रेन अडकली होती. नेहमीसारखीच."

"बराच वेळ?"

"बराच. पण मग सुरू झाली." त्यांनी कपाळ पुसलं. सावलीत उभे होते, तरी पुसलं.

दुपारच्या जेवणाचा भोंगा झाला. गरुडराव शिडी चढून गेलेला होता. त्याचं जेवण नेहमीसारखं दोरीने वर जात होतं, कापडात बांधलेला डबा हेलकावे खात. बाईंनी कपाळावर हात धरून वर पाहिलं. आज डबे दोन होते. दुसऱ्याची गाठ सुटून कापड उडालं होतं, आणि झाकणावर उन्हात एक नटबोल्ट चमकत होता.

ज्याने नवऱ्याला गाडायची धमकी दिली, त्याला लंबूची बायको स्वतःच्या घरचा डबा पाठवत होती.

४

त्या दिवशी बाईंनी कुणाला काही विचारलं नाही. दुसऱ्या दिवशी सकाळी गुडघ्यांना शिव्या घालत त्या शिडीने ब्लॉकवर चढल्या. बरोबर सुतार होता, मनाविरुद्ध.

काम बंद असलं तरी ताज्या काँक्रीटला पाणी लागतंच. आबांनी माथ्याच्या कडेने मातीचा बांध घालून घोटाभर पाण्याचं आळं केलेलं होतं. पाणी कोमट होतं. सिमेंट आवळतं तेव्हा तापतं, असा ताजा ब्लॉक कित्येक दिवस आतून ऊबदार असतो. कालपासून पाणी बरंच उतरलंय, असं सुतार म्हणाला. आबा सारखे भरतात, तरी उतरतं.

"हेल्मेट काढ," बाई म्हणाल्या.

"मी? त्याच्या खाली तो असला तर?"

"असला तर उभ्या उभ्या मेलेला असेल, उठून तुला धरणार नाही. काढ."

सुताराने डोळे मिटून छिन्नी घातली. दोन घावांत हेल्मेट सुटून आलं. त्याच्या काठाभोवती गुळगुळीत मसाल्याची एक पट्टी होती, गवंड्याच्या करणीने निगुतीने उतरती केलेली. बाई वाकल्या. हेल्मेटखाली जे असायला हवं होतं, ते नव्हतं. त्या बराच वेळ पाहत राहिल्या.

उतरल्यावर त्या पायवाटेने निघाल्या. ही वाट नदीच्या घाटावरून वर येते आणि उजव्या कडेला ब्लॉकला अगदी खेटून जाते. या बाजूचे साचे काल सुताराने ओरडण्याआधीच उतरवले होते. साचे काढल्यावर भिंतीतून लोखंडी सळ्यांची टोकं बाहेर राहतात, आणि धरणावरच्या बायका त्यांना खुंट्या समजतात. ऊन असो नसो, ताज्या ब्लॉकच्या ऊबदार भिंतीवर कपडे झटकन वाळतात. आजही वाळत होते. फुलाफुलांची एक चादर होती. तिच्याशेजारी एक शर्ट होता, आणि त्याच्या बाह्या एवढ्या लांब होत्या की तो एकाच माणसाचा असू शकत होता.

बाईंनी शर्टाला हात लावला, नुकताच धुतलेला होता. चादरीला हात लावला. वर कोरडी ठणठणीत, खाली कोरडी ठणठणीत. मधोमध मात्र या कडेपासून त्या कडेपर्यंत हातभर रुंद सरळ पट्टा ओला. त्यांनी चादर उलटून पाहिली. त्या जागी ना शिवण होती, ना ठिगळ.

बाईंनी लवंग थुंकून टाकली. असं त्या क्वचितच करत.

५

दुपारी सगळे ब्लॉकच्या पायथ्याशी जमले. मोठे साहेब, धाकटे साहेब, आबा, त्यांची लेक, आणि मागे सगळ्या टोळ्या. बाईंच्या हातात हेल्मेट होतं.

"साहेब, तुम्ही विचारलंत, माणूस आत आहे की नाही. नाही."

गर्दीतून एकदम श्वास सुटला. लेकीने मान खाली घातली.

"पहाटे फवाऱ्याने साय धुतली," बाई म्हणाल्या. "हेल्मेट त्याआधीचं असतं, तर त्याच्याखाली फवारा पोचला नसता, साय जशीच्या तशी राहिली असती. पण हेल्मेटखाली धुतलेले, उघडे दगड आहेत. म्हणजे ते धुतल्यानंतर बसवलंय. आणि धुण्याइतकं आवळलेल्या काँक्रीटमध्ये माणूस बुडत नाही, फार तर घसरून पडेल."

"मग बसवलं कुणी?" साहेबांनी विचारलं.

"ज्याच्या हाताला कच्चं काम करता येत नाही त्याने. नुसतं हेल्मेट चिकटवायचं होतं, साहेब. मसाल्याचा एक गोळा पुरला असता. पण याने आधी सिमेंटचं पाणी लावून घेतलं, करणीने कड उतरती केली, आणि वर मसाला तडकू नये म्हणून ओलं गोणपाट झाकलं. मरणारा माणूस स्वतःच्या हेल्मेटवर गोणपाट झाकून जात नाही." बाई आबांकडे वळल्या. त्यांना हे बोलवत नव्हतं, ते सगळ्यांना दिसलं. "आबा, फवाऱ्यानंतर तिथे तुम्ही एकटेच होता."

आबांनी डोक्याचा फेटा काढून हातात घेतला.

"जावई कुठाय?" साहेबांनी विचारलं.

"वर," बाई म्हणाल्या. "गरुडरावांच्या केबिनमध्ये, पाय दुमडून. भांडण खोटं होतं. काल तिथे दोन डबे गेले. आणि या पोरीने आज त्याचा शर्ट धुऊन याच भिंतीवर घातलाय. ज्या भिंतीच्या पोटात आपला माणूस आहे, तिच्यावर कुणी चादर वाळत घालतं का? ती विसरली. रोजची सवय."

लेकीने तोंडावर हात धरला. धाकट्या साहेबांच्या चेहऱ्यावर मात्र रंग परत आला. "म्हणजे आज संध्याकाळी ओतायला हरकत नाही!"

"ओतू नका!"

आबा ओरडले होते. आबांना ओरडताना कुणी ऐकलेलं नव्हतं.

"क्रेन अडकली तेव्हा अर्धा ब्लॉक भरला होता. ती सुटेपर्यंत तेवढं काँक्रीट आवळून बसलं. अशा वेळी थांबायचं, साय काढायची, धुवायचं, मगच पुढचं ओतायचं. पोरापोरांना शिकवलंय मी हे. पण टोळी दमली होती, वरून घाई होती, आणि मी म्हटलं, चालतंय, ओता. लंबू म्हणत होता, मामा, नळी आत जात नाही, खाली दगड झालाय. मी त्यालाच रागावलो. वरचंही मग नीट बसलं नाही, घट्ट झालं होतं ते." त्यांनी भिंतीकडे पाहिलं नाही. "ब्लॉक आत फाटका आहे, साहेब. माझ्या हातचा आहे."

"मला का नाही सांगितलंत?"

"सांगितलं असतं तर फोडला असता?"

मोठे साहेब खोटं बोलले असते तरी कुणाला कळलं नसतं. "नाही," ते शेवटी म्हणाले. "भोकं पाडून सिमेंट भरलं असतं, आणि पुढे गेलो असतो."

"म्हणून माणूस आत घातला," आबा म्हणाले. "दगडासाठी नाही, पण माणसासाठी तुम्ही फोडाल, असं वाटलं."

"आबा, सिमेंट भरून भागतं पुष्कळदा. नुसत्या तुमच्या संशयावर मी—"

तेवढ्यात लेक पुढे आली. डोळे पुसायचेही राहिले होते.

"आत कुणी नाही, साहेब. पण खाली आम्ही आहोत."

मग बाईंनी घसा साफ केला. "मी माझं उत्तर दिलं साहेब, माझं काम संपलं. आता एक चादर तेवढी बघा."

त्यांनी साहेबांना पायवाटेवर नेलं. सकाळपासून उन्हात आणि उबेत असूनही चादरीचा मधला पट्टा ओलाच होता. साहेबांनी चादर बाजूला सारली आणि भिंतीवर तळहात ठेवला. वर कोरडं, ऊबदार. खाली कोरडं, ऊबदार. मध्ये एक आडवी, बारीक, ओली रेघ होती, आणि ती दूरवर गेलेली होती. साहेबांनी बोट फिरवून ते जिभेला लावलं.

"आळ्यातलं पाणी," ते हळूच म्हणाले. "वरून आत मुरतंय आणि आवळलेल्या थरावरून इथे बाहेर येतंय. नुसत्या घोटाभर पाण्याने एका दिवसात वाट काढली."

पलीकडून सगळी नदी रेटायला लागल्यावर काय होईल, हे सांगायची गरज उरली नव्हती. धाकटे साहेब पांढरेफटक पडले होते. "साहेब," ते म्हणाले, "आबांनी ओतणं संपल्या संपल्या मला सांगितलं होतं. मीच म्हटलं, राहू द्या." हे बोलल्यावर त्यांचे खांदे उतरले. बाईंना त्या क्षणी तो पोरगा पहिल्यांदा आवडला.

मोठ्या साहेबांनी चादर पुन्हा नीट सळ्यांना अडकवली, कुणाच्या तरी घरची म्हणून.

"फोडा," ते म्हणाले.

६

बाईंनी क्रेनच्या पायथ्याशी जाऊन तोंडाभोवती हात धरले. "लंबू! उतर आता. मेलेल्या माणसाने किती वेळ घडी होऊन बसायचं?"

लंबू उतरला तेव्हा त्याची मान एका बाजूला वळलेली होती आणि पुढे आठवडाभर ती तशीच राहिली. लोक हसले, काहींनी त्याला गुद्दे घातले, सुतार तर त्याच्या गळ्यात पडून रडला. दोन दिवस त्याचं सुतक धरल्यासारखा जेवला नव्हता बिचारा.

"तुमचं मुकादमपद गेलं, आबा," मोठे साहेब म्हणाले. "धाकट्या साहेबांचीही कडा बदलेल. लोकांना फसवलंत, मला फसवलंत, ते मी सोडणार नाही. पण हा ब्लॉक फोडून परत भरेपर्यंत घरी जायचं नाही. भरताना वर तुम्हीच उभं राहायचं."

"थांबायचं कधी, ते घड्याळ कुणाचं?" आबांनी विचारलं.

"तुमचं."

फोडताना चादरीच्या त्या पट्ट्याच्या उंचीवर दोन थर एकमेकांपासून असे सुटून आले की लंबूने मधल्या फटीत पंजा घालून दाखवला. मग कुणी आबांना एक शब्दही बोललं नाही. नव्याने भरताना क्रेन पुन्हा अडकलीच. गरुडरावाने वरून हजार शिव्या दिल्या. आबांनी हात वर करून काम थांबवलं, टोळीला बसवलं, आणि स्वतः गुडघ्यांवर बसून तारेच्या ब्रशने साय काढत राहिले. पूर यायला निघालेला होता, तरी कुणी त्यांना घाई केली नाही.

साचे उतरले, आळं भरलं, आणि दुसऱ्या दिवशी सकाळी आबा लेकीच्या दारात उभे राहिले.

"ती चादर दे."

"कुठली?"

"तीच. भिजवून दे."

त्यांनी ती स्वतःच्या हातांनी सळ्यांना अडकवली, सुरकुती काढून, काठ ताणून. मग समोरच्या दगडावर बसले. लोक येता-जाता पाहत होते. कल्याणबाई त्या वाटेने आल्या आणि, गुडघे दुखतात असं म्हणत, त्यांच्याशेजारी बसल्या. आबांनी त्यांच्याकडे एक लवंग मागितली.

ऊन डोक्यावर आलं तेव्हा आबा उठले. चादरीच्या वरच्या काठापासून त्यांनी तळहात खाली आणायला सुरुवात केली, सावकाश, जिथे तो पट्टा होता तिथे आणखी सावकाश. हात एका कडेपासून दुसऱ्या कडेपर्यंत गेला आणि परत आला. त्यांनी तो उलटा करून गालाला लावून पाहिला.

"वाळली?" बाईंनी विचारलं.

आबांनी कोरडा तळहात बाईंपुढे धरला. त्यांनी चादर काढली, चारी घड्या नीट घातल्या, आणि लेकीला द्यायला घेऊन गेले.